थोरल्याला पाताळ

वंदना मॅडमना भीती होती ती वेगळीच. ग्रीक देवांच्या गोष्टीत झ्यूस आपल्या सख्ख्या बहिणीशी, हेराशी लग्न लावतो. ते धावडा गावच्या लोकांना पचणार नाही, म्हणून त्यांनी शाळेच्या नाटकात हेराला गुपचूप लांबच्या पाहुण्यातली करून टाकलं होतं. बाप क्रोनस स्वतःची पोरं गिळतो, तिथे दिवे घालवायचं ठरलं होतं. बाकी नाटक असं बसलं होतं, की गॅदरिंगला एकदा झालं म्हणजे तालुक्याला नंबर ठरलेला. महिनाभर पोरं घसे फोडून पाठ करत होती. पण नको तिथे जपलं, की भलतीकडूनच ठिणगी पडते.

ती पडली पुंजारामच्या ओसरीवर. पुंजाराम शाळा समितीचा अध्यक्ष. त्याच्या होकाराशिवाय शाळेच्या भिंतीत खिळासुद्धा ठोकला जात नाही. त्याची नात आकांक्षा कापसाची दाढी लावून आरशापुढे म्हणत होती, "मी हेडीज, तिघा भावांत थोरला. धाकट्या झ्यूसला आभाळ मिळालं, मधल्या पोसायडनला समुद्र, आणि माझ्या नशिबी पाताळ."

पुंजारामची चहाची बशी तोंडापाशीच थांबली.

"थोरल्याला काय?"

"पाताळ, आबा. जमिनीच्या खालचं."

"अन आभाळ?"

"झ्यूसला. आदिनाथ झालाय झ्यूस."

झालं. आदिनाथ म्हणजे पुंजारामच्या धाकट्या भावाचा, रखमाजीचा नातू. बावीस वर्षांपूर्वी तिघा भावांची वाटणी झाली. विहिरीचा तुकडा रखमाजीला गेला आणि पुंजारामला टेकडाखालचं मुरमाड आलं. तिथे कुसळ उगवतं तेही उपकार केल्यासारखं. मधला कल्याण आपला वाटा विकून जालन्याला गेला. तेव्हापासून थोरला आणि धाकटा एकमेकांशी बोलत नव्हते. आता रखमाजीने मॅडमना हाताशी धरून आपली इज्जत स्टेजवर मांडली, अशी पुंजारामची खात्रीच पटली. बशी तशीच ठेवून तो तडक शाळेत गेला.

"मॅडम, बापानं पोरं गिळली, त्याचं मला काही न्हाई. घरोघरी तेच चालू हाय. पण ही वाटणी कोणत्या कायद्यानं झाली?"

"अहो दादा, त्यांनी चिठ्ठ्या टाकल्या होत्या."

"चिठ्ठ्या लिहिल्या कुणी? पंच कोण व्हते? मधल्याची सही हाय का?"

"हे ग्रीसमधलं आहे, दादा. हजारो वर्षांपूर्वीचं."

"अन्याय जुना झाला म्हंजी बराबर व्हतो का? थोरल्याला आभाळ द्या. न्हाईतर नाटक बंद."

मॅडमनी कपाळाला हात लावला. गॅदरिंग चार दिवसांवर आलं होतं. बरं, गावात गोष्ट लपते थोडीच. दुसऱ्या दिवशी प्रार्थना संपायच्या आत रखमाजी हजर.

"आमच्या आदिनाथचं आभाळ काढून घेऊन राह्यलेत म्हणं?"

"अजून काही ठरलं नाही, काका."

"ठरायचंच न्हाई. पोरगं आभाळाचं मालक झालं म्हणून समद्या सोयऱ्यांत सांगून बसलोय मी. त्यातलं गुंठाभर सोडणार न्हाई. आमच्या दादाची नजर पयल्यापासून दुसऱ्याच्या वाट्यावर."

शेवटी शाळा समितीची बैठक बसली. दोन तास वाद झाला. नाटकाचा नव्हे, बावीस वर्षांपूर्वीचा. पुंजाराम तावातावाने म्हणाला, "धाकटा चांगलं चांगलं उचलतो अन थोरला मरतो, हेच दाखवायलेत पोरं. मंग ते मी चालू देऊ का?"

तेव्हा दाराशी बसलेली त्याची बायको गोजरबाई उठली. "रीत काय हाय? थोरल्यानं वाटे पाडायचे अन धाकट्यानं आधी उचलायचा. आपल्या घरचे वाटे कुणी पाडले, तेबी सांगा की."

"तू गप बस."

"ह्यांनीच पाडले. धाकटा म्हसोबाला भितो म्हणून म्हसोबाचं ठाणं मुद्दाम विहिरीच्या तुकड्यात घातलं. ह्यांना वाटलं, त्यो हात लावायचा न्हाई. त्यो गेला, कोंबडं देऊन आला अन त्योच वाटा उचलून मोकळा झाला."

बैठक खो खो हसली. पुंजाराम लालबुंद झाला. "तू कोणाकडून हाइस?"

"पोरीच्या दाढीकडून. महिना झाला, घरात वातीपुरता कापूस राह्यला न्हाई."

माणूस चारचौघांत उघडा पडला, की जास्तच अडून बसतो. "नाटक व्हणार न्हाई म्हंजी बिलकुल न्हाई," म्हणत पुंजाराम उठलाच. कोपऱ्यात आकांक्षा रडायला लागली. महिनाभराची मेहनत अशी मातीत जाताना बघून मॅडम सुचेल ते बोलून गेल्या.

"दादा, पाताळ म्हणजे काही मुरमाड नव्हे. ग्रीक लोक हेडीजलाच सगळ्यात श्रीमंत समजायचे. जमिनीखालचं सोनं, चांदी, सगळं त्याचं. खाली पाच नद्या आहेत, त्याही त्याच्याच."

पुंजाराम दारात थबकला. "नद्या म्हंजी पाणी?"

"पाणीच की."

"वरचं वावर कुणाचंबी असो, खालचं समदं थोरल्याचं?"

"समदं."

"हे नाटकात हाय?"

"घालते ना."

"घाला. मोठ्यानं म्हणायला लावा पोरीला. दोनदा."

नाटक जोरात झालं. आकांक्षाने ते वाक्य तीनदा म्हटलं आणि तिन्ही वेळा पुंजारामने उठून टाळ्या वाजवल्या. तालुक्याला निवडही झाली. वंदना मॅडमनी सुटकेचा निःश्वास टाकला, पण तो एका रात्रीपुरताच ठरला. सकाळी पुंजारामने रखमाजीच्या विहिरीवरच्या मोटारीच्या स्टार्टरपेटीला भलंमोठं कुलूप ठोकलं. का, तर खालचं पाणी थोरल्याचं. अख्ख्या गावापुढे ठरलंय, मॅडम साक्षीला आहेत.

दहा वाजता रखमाजी शाळेत आला. तो भांडेल असं मॅडमना वाटलं, पण तो शांत होता. हे जास्त वाईट.

"खालचं दादाचं, मान्य. पण वरचं आभाळ माझं. औंदा त्याच्या मुरमावर एक थेंब पडला, तर मी त्याला सोडत न्हाई. मला त्या नाटकाची नक्कल द्या, शाळेचा शिक्का मारून."

पाठोपाठ पुंजारामही तेच मागायला आला. शिक्का मिळेपर्यंत हेडीज तालुक्याला जाणार नाही आणि झ्यूसही जाणार नाही, यावर बावीस वर्षांत पहिल्यांदाच दोघा भावांचं एकमत झालं. दोघं एकाच बाकावर बसून राहिले. मॅडम काही बोलणार, तेवढ्यात त्यांचा फोन वाजला.

"मॅडम, मी कल्याण बोलतोय, जालन्याहून. त्या दोघांच्या मधला. मला तर कुणी काही विचारतच न्हाई. माझ्या वाट्याला काय आलं?"

मॅडमनी बाकावरच्या दोघांकडे पाहिलं आणि थकलेल्या आवाजात सांगितलं, "समुद्र."

पलीकडे थोडा वेळ कागद चाळल्याचा आवाज येत राहिला.

"बरं. गट नंबर सांगा, लिहून घेतो."