वेंडेलचं मॅगझिन

एखादी वस्तू कामाची की टाकाऊ हे ऑर्लिन हेगस्टॅडला ती हातात घेतल्याबरोबर कळतं, असं नॉर्थ डाकोटातल्या बेल्गार्ड गावात सगळे मानत. सर्वांत जास्त ऑर्लिन स्वतः मानत असे. गावच्या नेमबाजी क्लबचा तो एकोणीस वर्षं परीक्षक होता. कुणी नवी दुर्बीण आणो, पिस्तुलाचं म्यान आणो, ऑर्लिन ते तपासणार आणि क्लबच्या फळ्यावर खडूने 'पास' किंवा 'नापास' लिहिणार. ते अक्षर वर्षभर कुणी पुसत नसे. पाद्रीबुवांचं रविवारचं प्रवचन लोक जेवणाच्या टेबलापर्यंत विसरत, ऑर्लिनचा फळा मात्र तोंडपाठ असे.

आणि मग समोरच्या घरात वेंडेल ब्रेक्के राहायला आला.

वेंडेलचा मोठा दोष म्हणजे त्याच्यात दोष नव्हता. वय चौसष्ट, पण डोक्यावर दाट केस. ऑर्लिनच्या डोक्यावर मात्र टोपीखाली फक्त टोपीचा वळ. हिवाळ्यात ऑर्लिन उठून खिडकीबाहेर बघायचा, तर त्याच्या अंगणातला बर्फ वेंडेलने आधीच उपसलेला. याला मदत म्हणतात? ऑर्लिनच्या मते हा सरळसरळ अपमान होता.

"किती भला माणूस आहे," ट्वायला म्हणायची. ट्वायला ही ऑर्लिनची बायको.

"त्याला झोप येत नसेल," ऑर्लिन म्हणायचा.

हे सगळं त्याने सहन केलं असतं. पण ऑगस्टमध्ये वेंडेल क्लबात एक नवं मॅगझिन, म्हणजे पिस्तुलाच्या मुठीत सारायची गोळ्यांची डबी, घेऊन आला. खिशात मावेल एवढ्या त्याच्या छोट्या पिस्तुलात एरवी दहा गोळ्या बसत. दुसऱ्याच कुठल्या कंपनीने केलेल्या या लांब मॅगझिनमध्ये पंधरा बसत होत्या. ते आत सारलं की मुठीखाली दोन बोटं बाहेर डोकावायचं, बापाचे बूट घातलेल्या पोरासारखं. सगळा क्लब वेंडेलभोवती गोळा झाला. कुणी त्याचं वजन विचारतंय, कुणी स्प्रिंग दाबून बघतंय. चहाकॉफीच्या टेबलापाशी ऑर्लिन एकटा उभा होता, आणि एकाही माणसाने मागे वळून विचारलं नाही, "ऑर्लिन, तुझं काय मत?"

उलट कुणीतरी म्हणालं, "यंदा वेंडेललाच परीक्षक करूया की."

ऑर्लिनच्या हातातली कॉफी तशीच गार झाली.

क्लबच्या अध्यक्षा इर्मा टॉफ्टे. वय सत्त्याहत्तर. निम्म्या गावाला त्यांनी चौथीत शिकवलेलं, त्यामुळे सगळे त्यांना बाई म्हणत आणि अजूनही घाबरत. बाईंनी निकाल दिला, "सप्टेंबरच्या मेळाव्यात, जेवणाआधी हात वर करून मतदान. तोवर गप्प बसा."

ऑर्लिन गप्प बसला, पण हातावर हात धरून नाही. त्याच्याकडेही तसंच पिस्तूल होतं. त्याने कुठल्याशा स्वस्त कंपनीचं पंधरा गोळ्यांचं मॅगझिन मागवलं. दिसायला वेंडेलच्या मॅगझिनचं जुळं भावंड. कंपनीचं नाव काय ते फक्त खोक्यावर. बेत असा की मेळाव्यात सगळ्यांदेखत दोन्ही तपासायची आणि वेंडेलचं महागडं मॅगझिन चारचौघांत तोंडघशी पाडायचं.

आता इथे एक गोष्ट सांगायला हवी. प्रत्येकाने आपल्या मॅगझिनवर रंगाची खूण करायची, हा क्लबातला दंडक ऑर्लिननेच घातलेला. "बिनखुणेचं मॅगझिन म्हणजे जत्रेत हरवलेलं पोर," असं तो एकोणीस वर्षं सांगत आला होता. पण या खेपेला त्याने स्वतः खूण केली नाही. कारण रंग लावलेला माल दुकान परत घेत नसे, आणि ऑर्लिनचा काम झाल्यावर ते परत करायचा विचार होता.

"खूण नाही केलीस?" ट्वायलाने विचारलं.

"करीन," ऑर्लिन म्हणाला आणि विसरल्यासारखं केलं.

मेळाव्याच्या दिवशी आभाळ स्वच्छ होतं, फक्त आदल्या रात्रीच्या पावसाचं डबकं गाड्यांपाशी साचलं होतं. ऑर्लिनने दोन्ही मॅगझिनं टेबलावर ठेवली, आपलं डावीकडे, वेंडेलचं उजवीकडे. तेवढ्यात बाईंनी "हात थांबवा!" म्हणून ओरडून सगळ्यांना मागे घेतलं, कारण कुणीतरी निशाणाचे कागद बदलायला पुढे गेलं होतं. लोक मागे सरले, टेबलाला धक्का लागला, मॅगझिनं खाली पडली. कुणीतरी ती उचलून परत ठेवली.

कुठलं कुणाचं? ऑर्लिन क्षणभर बावचळला. मग त्याने एक उलटं करून पाहिलं, तर तळाशी गुलाबी ठिपका. नखांना लावतात त्या रंगाचा.

त्याचा चेहरा खुलला. आपल्यावर खूण नाही हे तो शपथेवर सांगू शकत होता. म्हणजे ठिपकेवालं वेंडेलचं.

"वेंडेल," तो मोठ्याने म्हणाला, "गुलाबी? अरे, मॅगझिन आहे की भाचीच्या लग्नाला निघालायस?"

लोक हसले. वेंडेलने हात वर केला. "ऑर्लिन, ते जरा..."

"मालकाने बोलायचं नाही," ऑर्लिन म्हणाला. "पिवळ्या रेघेमागे."

हाही दंडक ऑर्लिनचाच. तपासणी चालू असताना वस्तूच्या मालकाने रेघेमागे तोंड मिटून उभं राहायचं. वेंडेल नियम पाळणारा माणूस. तो मागे गेला.

आधी बिनठिपक्याचं, म्हणजे आपलं. ऑर्लिनने ते रुमालाने पुसलं, मायेने भरलं. शंभर गोळ्या झाडायच्या होत्या. बाविसाव्या गोळीला पिस्तूल अडकलं.

"नवं आहे," ऑर्लिन म्हणाला. "स्प्रिंग अजून बसायचीय."

एकेचाळिसाव्याला अडकलं.

"गोळीच वाकडी दिसतेय."

सत्तराव्याला अडकलं तेव्हा ऑर्लिन आभाळाकडे बघून म्हणाला, "आज हवेत ओल आहे." आणि फळ्यावर गेला. तिथे त्याने लिहिलं: 'बिनठिपका – पास.'

मग ठिपकेवालं. ते त्याने पुसलं नाही. गोळ्या अशा कोंबल्या की जणू त्यांच्याशी जुनं वैर होतं. दहा गेल्या, पन्नास गेल्या, शंभर गेल्या. एकही अडकली नाही. शिलाईच्या मशीनने सरळ शिवण घालावी तसं ते चाललं. लोकांनी टाळ्या वाजवल्या.

"वा," बाई म्हणाल्या. "लिही पास."

"थांबा बाई. माणूस हे अंगावर बाळगणार. हातातून पडलं तर?"

त्याने ते भरून खडीवर टाकलं. एकदा, दोनदा, सहादा. उचलून झाडलं. चाललं.

वेंडेलने पुन्हा हात वर केला. "बाई, मी एक..."

"मालकाने बोलायचं नाही!" ऑर्लिन कडाडला. "बाई, सांगा त्याला."

"नियम नियम आहे, वेंडेल," बाई म्हणाल्या. "हात खाली."

ऑर्लिनने मॅगझिन रिकामं करून गाड्यांपाशी नेलं आणि डबक्यात बुचकळलं. चिखलात वर-खाली घोळलं. मग नुसतं झटकलं, भरलं आणि झाडलं. पंधराच्या पंधरा गेल्या. चिखलाचे शिंतोडे मात्र ऑर्लिनच्या चष्म्यावर आले.

आता लोक हसत नव्हते, मान डोलावत होते. मागून कुणीतरी म्हणालं, "वेंडेलची निवड म्हणजे निवड."

ते वाक्य जिव्हारी लागलं. ऑर्लिन तरातरा आपल्या पिकअपपाशी गेला, रिकामं मॅगझिन पुढच्या चाकाखाली ठेवलं आणि गाडीत चढला.

"ही कसली तपासणी?" बाईंनी विचारलं.

"संकटात काहीही होऊ शकतं, बाई."

"मॅगझिन गाडीखाली गेलं, तर माणूस कुठे असेल रे?"

ऑर्लिनने गाडी पुढे घेतली. मग मागे घेतली. मग पुन्हा पुढे. वेंडेलने तिसऱ्यांदा हात वर केला, दुसऱ्या हाताने आधार देऊन, शाळेत नंबर एकची घाई झाल्यासारखा. कुणी बघितलं नाही.

चौथ्या खेपेला 'कटक' असा आवाज आला. मॅगझिन चपटं झालं होतं. ऑर्लिनने ते दोन बोटांत धरून सगळ्यांना दाखवलं आणि फळ्यावर मोठ्या अक्षरात लिहिलं: 'गुलाबी ठिपका – नापास.' इतकं सुख त्याला मुलीच्या लग्नातही झालं नव्हतं.

नेमकी तेव्हाच ट्वायला आली, दोन्ही हातांत बटाट्याच्या गोळ्यांच्या, ओव्हनमधून नुकत्याच काढलेल्या हॉटडिशचं गरम भांडं धरून. ते टेबलावर ठेवून तिने फळा वाचला, मग नवऱ्याच्या हातातला चपटा पत्रा पाहिला.

"अरे, ठिपका सापडला वाटतं तुला," ती म्हणाली. "म्हटलं, एकोणीस वर्षं जगाला खुणा करायला सांगतोस आणि स्वतः विसरलास, लोक हसतील. म्हणून काल तू झोपल्यावर मीच लावला. पण हे असं कशाने झालं?"

टेबलावर हॉटडिश अजून चरचरत होतं.

"वेंडेल," बाई हळूच म्हणाल्या, "आता बोल."

"माझ्यावर खूण नाहीये," वेंडेल म्हणाला. "म्हणजे मॅगझिनवर. पास झालं की करणार होतो. मी तीनदा हात वर केला होता."

ऑर्लिनने एकदा फळ्याकडे पाहिलं, एकदा चाकाकडे. तीनदा अडकलेलं ते वेंडेलचं. त्याला त्याने रुमालाने पुसलं, त्याच्यासाठी हवेला दोष दिला आणि पास केलं. आणि आयुष्यात एवढी चांगली वस्तू एवढ्या स्वस्तात पहिल्यांदाच मिळाली होती, तिच्यावरून स्वतःच चार वेळा गाडी घातली. दुकान आता ठिपक्याचीच काय, पत्र्याचीही दखल घेणार नव्हतं.

वेंडेल जवळ आला. त्याने ऑर्लिनच्या खांद्यावर हात ठेवला. "बरं झालं रे तू तपासलंस. मी तर माझं रोज बाळगणार होतो. तुझं कुठून मागवलंस? मीही तेच घेतो."

ऑर्लिनला वाटलं, याने चार शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

"मतदान," बाई म्हणाल्या आणि खडू उचलला. ऑर्लिनने टोपी काढली. एकोणीस वर्षं संपली हे त्याला कळलं होतं. बाई पुढे म्हणाल्या, "माझं मत सांगते. बिनठिपक्याचं काम आज या माणसाने आंधळ्या मायेने केलं, ते मी फळ्यावरून पुसते. पण ठिपक्याचं? एवढी कसून तपासणी या क्लबाने पाहिलेली नाही. ऑर्लिनच राहावा असं कुणाला वाटतं?"

सगळ्यांत आधी वेंडेलचा हात वर गेला. त्या दिवशी त्याला सवयच झाली होती. मग सगळ्यांचे गेले.

तर ऑर्लिन परीक्षक राहिला. फक्त एक बदल झाला. आता वस्तू आणून देणारा प्रत्येक जण त्याच्या कानाशी येतो आणि म्हणतो, "ऑर्लिन, हे वेंडेलचं समजून तपास हं." ऑर्लिन मुकाट्याने घेतो, उलटं करून तळ बघतो आणि कामाला लागतो.

गेल्या महिन्यात वेंडेल स्वतः आला. नवी कोरी दुर्बीण होती, चांगलीच महागडी. ती त्याने दोन्ही हातांनी जपून टेबलावर ठेवली.

"ऑर्लिन," तो म्हणाला, "ही खरंच माझी आहे. तेव्हा जरा तुझी समजून तपासशील?"