सामाईक फाइलींची वाटणी

खाली

टीव्हीवर गोल चकती फिरत होती आणि थोरला तिच्याकडे अशा नजरेने बघत होता, जणू धाकट्यानेच ती वरून बोटाने फिरवत ठेवली आहे.

"सकाळपासून हेच चाललंय," आई म्हणाली. "खुनी सापडायला शेवटचा एक भाग राहिला होता. काय केलंत तुम्ही?"

"मी काही केलं नाही. वरच्याला विचार."

वरचा म्हणजे धाकटा. तो पडदे शिवतो आणि लोकांच्या खिडक्यांना बसवून देतो. थोरला लोकांना गाडी चालवायला शिकवतो. दोघा भावांनी घर वाटून घेतलं त्याला आता बरेच महिने झाले. माळा वाटला, गच्ची वाटली, चपलांचा रॅक मधोमध करवतीने कापला. दोन्ही अर्धे अजून भिंतीला टेकून उभे आहेत, कारण प्रत्येक अर्ध्याला दोनच पाय आहेत.

आईची वाटणी मात्र दोघांनी केली नव्हती. ती खाली राहायची, जेवायला मनाला येईल तिथे जायची. थोरला दिवसभर नवशिक्यांवर ओरडून घरी आला की ती विचारायची, "आज किती खांब पाडले रे?" दिवसभरात त्याच्याशी कुणी धड बोललेलं असेल तर ते एवढंच.

"संध्याकाळपर्यंत हे चालू नाही झालं," आई म्हणाली, "तर मी ताईकडे जाते."

थोरला घाबरला. पण त्याची भीती तोंडापर्यंत येईतो तिचा राग व्हायचा. तो तरातरा निघाला

जिना

आणि जिन्याखालच्या कॉम्प्युटरपाशी थांबला. हा त्यांच्या बहिणीने, ताईने, बसवून दिलेला. सगळे सिनेमे, मालिका, घरचे व्हिडिओ त्याच्यात, आणि ते दोन्ही मजल्यांवरच्या टीव्हींना पुरवणारा मीडिया सर्व्हर नावाचा प्रोग्रॅमही त्याच्यातच.

रविवारी त्याचीही वाटणी झाली होती. सिनेमे पटकन वाटले गेले. मग एक फोल्डर निघाला, त्यावर लिहिलं होतं शेअर्ड लायब्ररी. आत ना सिनेमा, ना फोटो. नुसती विचित्र नावं, आणि प्रत्येकाच्या सुरुवातीला 'लिब', एकाच आडनावाची सगळी भावकी असावी तशी. त्या फाइली कशासाठी असतात हे दोघांनाही ठाऊक नव्हतं.

"सामाईक आहे म्हणे हे," धाकटा म्हणाला होता.

"आपल्यात आता सामाईक काही नाही," थोरला म्हणाला होता.

मग पत्ते वाटतात तशा फाइली वाटल्या, एक तुला, एक मला. ज्याने त्याने आपापल्या पेनड्राइव्हवर घेतल्या आणि कॉम्प्युटरवरून पुसल्या. "दोघांनीही सगळ्याच कॉपी करून घ्या ना, आणि तिथंही राहू द्या," असं धाकट्याची बायको म्हणाली, तेव्हा दोघे भाऊ एकदमच तिच्या अंगावर गेले. दोघांनाही सगळं मिळालं तर त्याला वाटणी म्हणतात का?

सुरू असलेला प्रोग्रॅम त्या फाइली आधीच वाचून बसला होता, म्हणून त्यानंतरही तसाच चालत राहिला. आज सकाळी वीज गेली, कॉम्प्युटर बंद होऊन पुन्हा सुरू झाला आणि चकती फिरू लागली.

थोरल्याने ताईला फोन लावला. ताईने सगळं ऐकून घेतलं.

"त्या फाइली कुणा एकाच्या नसतात," ती म्हणाली. "दहा ठिकाणी लागणारं काम एकदाच लिहून ठेवलेलं असतं, ज्याला लागेल त्याने वापरायचं. तू क्लच काढून नेलास, त्याने ब्रेक नेला. आता विचारतोयस गाडी का थांबली."

"ब्रेक त्याने नेला ना? मग थांबली कशी?"

ताईने फोन ठेवला.

वर (खालून ऐकू आलं तेवढं)

"मी नाही देणार. आधी त्याने द्याव्यात."

"अहो, सासूबाई निघाल्यात."

"मग त्याने लवकर द्याव्यात."

पुन्हा जिना

शेवटी देवाणघेवाण मधल्या पायरीवर ठरली. दोघांच्याही हातात पेनड्राइव्ह, आणि दोघांचीही मूठ घट्ट. प्रोग्रॅम सुरू करायचा, तो म्हणायचा अमुक फाइल सापडत नाही. ती थोरल्याकडची. घातली. पुन्हा सुरू करायचा, आता तमुक सापडत नाही. ती धाकट्याकडची. हा प्रोग्रॅम एका वेळी एकच मागत होता, एखाद्या हट्टी सावकारासारखा, आणि ज्याची फाइल मागेल तो भाऊ दुसऱ्याकडे बघून नाक उडवत होता.

"बघ. माझ्यावाचून अडतंय."

"तुझ्यावाचून सगळं सुखात चालायचं. फाइलीवाचून अडलंय."

मग एक फाइल काही केल्या सापडेना. धाकटा म्हणे, घातली. प्रोग्रॅम म्हणे, नाही. थोरल्याने त्याला बाजूला सारून पाहिलं. धाकट्याने आपल्या वाट्याच्या प्रत्येक फाइलीच्या नावापुढे स्वतःचं नाव लावलं होतं.

"हे काय आहे?"

"हक्क राहावा म्हणून."

"अरे, शाळेचा डबा आहे का हा?"

"तू बोलू नकोस. रॅक कापताना तू तुझ्या बाजूला दोन बोटं जास्त घेतलीस."

"करवत सरकली."

"तुझ्याच बाजूने बरी सरकली."

बोलता बोलता एकेक नाव पुसलं जात होतं. थोरला सांगायचा, धाकटा टाइप करायचा. चुकला की थोरला ओरडायचा, थोरला ओरडला की धाकटा आणखी चुकायचा. ऊन जिन्यावरून उतरून दारापर्यंत गेलं. मग आतल्या टीव्हीतून एक बाई किंचाळली. मालिका सुरू झाली होती.

खाली

आईने शेवटचा भाग पाहिला. तिच्या एका बाजूला थोरला, दुसऱ्या बाजूला धाकटा, दोघेही घामाघूम. खुनी पकडला गेला. आईने समाधानाने चष्मा पुसला.

"छान. आता वायरी काढा त्याच्या आणि नीट गुंडाळून ठेवा."

"कशाच्या?"

"कॉम्प्युटरच्या. ताई गाडी घेऊन आलीय."

फाटकाबाहेर गाडी खरोखरच उभी होती. आईची पिशवी दाराशी भरून तयार होती.

"आई, पण चालू केलं ना आम्ही," थोरल्याचा आवाज चढला. "तू म्हणालीस, चालू नाही झालं तर जाईन."

"म्हणाले. चालू झालं तर राहीन, असं कुठं म्हणाले?"

"मग दिवसभर आम्ही कशाला..."

"बंद पडलेला कॉम्प्युटर घेऊन लेकीच्या दारात जाऊ? तो तिने मला दिलेला आहे. आणि मी इथे राहिले तर पुढच्या रविवारी मलाच मोजून वाटायला घ्याल."

कॉम्प्युटर जड होता. एका बाजूने थोरल्याने धरला, दुसऱ्या बाजूने धाकट्याने. गाडीत ठेवताना दोघांची डोकी एकमेकांवर आपटली आणि दोघांनीही एकमेकांना दोष दिला. आई पुढच्या सीटवर बसली, पट्टा लावला. गाडी गेली.

दोघे फाटकापाशी उभे राहिले.

"लबाड आहे," थोरला म्हणाला.

"कोण? ताई?"

"मग कोण?"

धाकटा म्हणाला, "आई."

थोरल्याने फाटक धाडकन लावलं. इतक्या महिन्यांत पहिल्यांदाच धाकट्याचं म्हणणं त्याला पटलं होतं, आणि आख्ख्या दिवसात त्याला सगळ्यात जास्त राग आला तो या पटण्याचाच.