धुरीकाका, चिऊ आणि राखीव गोलकीपर

आमच्या समोरच्या दारात राहणाऱ्या धुरीकाकांची बेल वाजली की ते दार उघडत नाहीत. मला फोन करतात.

"वहिनी, जरा तुमच्या होलमधून बघा, माझ्या दारात कोण उभं आहे."

त्यांच्या दारालाही होल आहे. पण त्यातून बघायला ते तयार नसतात. आपण आतून डोळा लावला की बाहेरच्याला उजेडात फरक दिसतो आणि घरात माणूस आहे हे त्याला कळतं, असं त्यांचं म्हणणं. एकदा मीच वाटीभर साखर परत द्यायला गेले होते. बेल वाजवली आणि हातातला फोन वाजला.

"वहिनी, माझ्या दारात कोण आहे बघा."

"काका, मीच आहे."

क्षणभर विचार करून ते म्हणाले, "तुम्ही आहात ते ठीक. तुमच्या मागे कोण आहे?"

खरं सांगते, मी मागे वळून बघितलं.

धुरीकाका मूळचे कोकणातले, पण आयुष्य गेलं अंबरनाथ-बदलापुरात. अंबरनाथच्या एका कारखान्यात ते तपासणी विभागात होते. पुढ्यात आलेला प्रत्येक नग खराब आहे असं धरून चालायचं आणि त्याने आपण चांगले आहोत हे सिद्ध करायचं, अशी ती नोकरी. रिटायर झाल्यावर कारखाना सुटला, तपासणी सुटली नाही. आमच्या हेंद्रेपाड्यातला दूधवाला, केबलवाला, सोसायटीचा सेक्रेटरी, सगळे त्यांच्या टेबलावरून जातात. "ह्यात डाव आहे" हे त्यांचं ठरलेलं वाक्य. कलिंगड गोड निघालं तरी डाव असतो, फिकं निघालं तरी असतो. लिफ्ट महिनाभर बंद पडली नाही तेव्हा तर त्यांची झोपच उडाली होती.

असल्या माणसाला देवाने जावई दिला गोलकीपर.

मयूरी त्यांची एकुलती एक मुलगी. उल्हासनगरच्या एका हॉस्पिटलात नर्स आहे. तिथेच हाताला प्लॅस्टर घालायला आलेला लोकेश तिला भेटला. लोकेश उल्हासनगर चार नंबरमधल्या कापडवाल्या सिंधी कुटुंबातला. तो पहिल्यांदा घरी आला तेव्हा साक्षीदार म्हणून मला बोलावण्यात आलं होतं.

"काय करता?" काकांनी विचारलं.

"गोलकीपर हूं, बाबा. प्रोफेशनल."

"ते कळलं. नोकरी कुठे?"

"वही नौकरी आहे."

"मग पगार कशाचा?"

"गोल अडवायचा."

"आणि दिवसभरात एकपण गोल आला नाही तर?"

लोकेशने माझ्याकडे बघितलं. मी चहाचा कप तोंडाला लावला. पुढे असं निघालं की तो राखीव गोलकीपर आहे, म्हणजे पहिल्याला काही झालं तरच खेळणार. तो गेल्यावर काका मला म्हणाले, "बघा वहिनी, गोल अडवायला ठेवलेला माणूस गोलपण अडवत नाही. सिंधी असून दुकानात बसत नाही. ह्यात डाव आहे." गंमत म्हणजे लोकेशच्या वडिलांनाही अगदी हेच वाटत होतं. लग्नात दोन्ही व्याही एका कोपऱ्यात बसून तासभर कुजबुजत होते. त्यांच्याइतकं एकमत मी कुठल्याही मांडवात पाहिलं नाही.

लग्नानंतर काका टीव्हीवर प्रत्येक सामना बघू लागले. खेळ नव्हे, बाक. कॅमेरा राखीव खेळाडूंच्या बाकाकडे वळला की हे चष्मा पुसून टीव्हीला नाक लावायचे. कधी लोकेशचा कान दिसायचा, कधी गुडघा. "गुडघा त्याचाच आहे कशावरून?" असं मला विचारायचे.

मग चिऊ झाली. काकी जाऊन बरीच वर्षं झालेली, मयूरीच्या ड्युट्या, लोकेश सामन्यांसाठी गावोगाव. मयूरी चिऊला घेऊन काकांकडेच राहायला आली आणि चिऊला काकांनीच सांभाळलं. हा माणूस तिचं दूध आधी स्वतःच्या मनगटावर घालून बघतो, मग जिभेवर, मग मला बोलावून माझ्या मनगटावर. तिचे कपडे उन्हात घातले की तिथेच खुर्ची टाकून बसतो. "कोण घेऊन जाणार आहे ती झबली?" मी विचारायचे. "घेऊन जाणारा सांगून येतो का?" ते म्हणायचे.

चिऊ दहा महिन्यांची असताना बातमी आली. पहिल्या गोलकीपरला लाल कार्ड मिळालं होतं, त्यामुळे पुढच्या सामन्यात लोकेश खेळणार. नवी मुंबईच्या स्टेडियमवर. मयूरीला ड्युटी बदलून मिळेना. बाबाच्या पहिल्या सामन्याला चिऊ हवी, असा तिचा हट्ट. काका "डाव आहे" म्हणतील आणि विषय संपेल, असं मला वाटलं होतं.

काका म्हणाले, "मी नेतो तिला."

आता संशय मला आला. माझा स्वभाव तसा नाही, पण ढवळ्याशेजारी बांधला पवळ्या, वाण नाही पण गुण लागला. ज्या माणसाने ह्या मुलीला कोपऱ्यावरच्या लग्नाच्या बँडसमोर कधी नेलं नाही, तो तिला हजारो लोकांच्या ढोलताशात का नेतोय?

टॅक्सी काकांना चालत नाही, ड्रायव्हरला घर कळतं म्हणून. त्यामुळे माझी गाडी आणि मी. लोकेशने चिऊसाठी कानांवर घालायचे मोठे हेडफोन पाठवले होते, आवाज लागू नये म्हणून. काकांनी ते आधी स्वतः घातले आणि मला ओरडायला लावलं.

"ऐकू येतंय," ते म्हणाले.

"काय ऐकू येतंय?"

"तुम्ही काहीतरी बोलताय ते."

काटई नाका मागे पडल्यावर काका मागच्या सीटवरून म्हणाले, "वहिनी, शिलाँग किती लांब?"

"का?"

"तिथल्या क्लबचे लोक आज त्याला बघायला येणारेत. चांगला खेळला तर घेऊन जाणार. तो गेला की मयूरी जाणार. तिची नर्सची नोकरी, कुठेही मिळते. आणि मयूरी गेली की..." त्यांनी मांडीवरच्या चिऊकडे बघितलं.

"मयूरीने सांगितलं?"

"ती कशाला सांगेल? परवा उल्हासनगरच्या बाजारातनं चिऊला लोकरीची टोपी आणली तिने. बदलापुरात, ह्या उन्हात! ती पण दोन साइज मोठी. म्हणजे पुढच्या थंडीची. हळू आवाजात फोन चालतात किचनमधनं, त्यात शिलाँग, क्लब असलं ऐकू येतं. मी काय दूधखुळा आहे?"

मी आरशातून त्यांच्याकडे बघितलं. जावई चांगला खेळला तर ह्यांचं घर रिकामं. वाईट खेळला तर चिऊ इथेच. मग हे तिथे कशाला चाललेत? विचार चांगला नव्हता, पण आला. माणूस गोल अडवायला जाईल, तसा गोल व्हावा म्हणूनही जाऊ शकतो.

गेटवर पिशव्यांची तपासणी होती. आयुष्यात पहिल्यांदा धुरीकाकांना त्यांच्यासारखं कुणीतरी भेटलं. खाकी कपड्यातल्या बाईंनी नाचणीच्या सत्त्वाचा डबा उघडून वास घेतला, लंगोटांची घडी मोडली, खुळखुळा कानाशी हलवला. काकांचा चेहरा उजळत गेला.

"नीट बघा, मॅडम. घाई नको. बाजूचा कप्पा राहिला."

बाजूच्या कप्प्यात कागदाची पुडी निघाली. मीठ, मोहरी, सात लाल मिरच्या.

"हे काय?"

"दृष्ट काढायला."

"कोणाची?"

काकांनी चष्मा पुसायला घेतला. मीही कान टवकारले.

"आजोबा, मिरची आत चालत नाही. कोणी कोणाच्या डोळ्यात टाकली तर? काय काढायची ती इथेच काढा, पुडी मला द्या."

मग त्या रांगेत, झेंडे आणि ढोल घेतलेल्या पोरांच्या मधोमध, काकांनी मला चिऊला धरायला लावलं आणि पुडी तिच्यावरून ओवाळली. "आल्यागेल्याची, घरच्याची, दारच्याची..." मागच्या पोरांनी झेंडे खाली घेतले. एकाने तर चपला काढल्या.

त्यातला एक तोंड रंगवलेला पोरगा पुढे आला. "काका, आपल्या गोलकीपरची पण काढा ना. आज नवा आहे. लय टेन्शन आहे."

काकांचा हात तिथेच थांबला. "तो समोर नाही. समोर नसताना नाही निघत."

"फोटो है ना मोबाइल में. चलेगा?"

"फोटोवर चालत नाही," काका म्हणाले आणि पुडी घाईघाईने त्या बाईंच्या हातात दिली.

आमच्या आळीत सासरी गेलेल्या मुलींची दृष्ट फोटोवरूनच निघते, आणि कशी काढायची ते धुरीकाकाच सांगतात. माझा संशय पक्का झाला.

आमच्या जागा गोलच्या मागे, कठड्याजवळ होत्या. लोकेश समोर उभा होता, हिरव्या जर्सीत, अख्खाच्या अख्खा. मैदानात काकांनी त्याला पहिल्यांदाच सबंध बघितलं. "उंच आहे," एवढंच म्हणाले. चिऊ हेडफोन घालून त्यांच्या खांद्यावर झोपली होती. भोवती ढोल फुटेस्तोवर वाजत होते आणि तिच्या तोंडातून लाळ गळत होती.

थोड्याच वेळात लोकेशने गोल खाल्ला. तोही दोन पायांच्या मधून. सगळं स्टेडियम हळहळलं. मागचा एक जाडजूड माणूस ओरडला, "किसको खड़ा किया है बे! निकालो इसको!"

मी काकांच्या चेहऱ्याकडे बघितलं. वाटलं, आता कुठेतरी सुटल्याची खूण दिसेल. पण काका मागे वळले होते.

"ओ भाऊ, एक नग खराब गेला म्हणून अख्खा लॉट फेकायचा नसतो. आम्ही तपासणीत होतो, आम्हाला सांगू नका."

"आपका कौन है वो?"

"हिचा बाप आहे," काका चिऊकडे बोट दाखवून म्हणाले. तो माणूस एकदम ओशाळला. त्याने आपली पाण्याची बाटली पुढे केली. काकांनी ती घेतली नाही, अर्थात.

उत्तरार्धात लोकेश पलीकडच्या गोलमध्ये गेला. त्याने बरंच काही अडवलं असावं, कारण लोक ओरडत होते, पण आम्हाला लांबून नीट दिसत नव्हतं. मग आपल्या संघाने बरोबरी केली. आणि सामना संपत आलेला असताना पंचाने शिट्टी वाजवून बोट दाखवलं. समोरच्यांना पेनल्टी. चेंडू, मारणारा आणि मध्ये एकटा लोकेश.

ढोल थांबले. चिऊ नेमकी तेव्हाच जागी झाली. काका उभे राहिले, मग खुर्चीवर चढले. सासष्ट वर्षांचा माणूस, काखेत पोर, प्लॅस्टिकच्या खुर्चीवर! मी त्यांचा शर्ट धरला. त्यांनी चिऊला दोन्ही हातांनी डोक्यावर उचललं आणि असा आवाज काढला की मला वाटलं, ह्यांना काहीतरी होतंय.

"लोकेऽऽश! उजवीकडे नाय, डावीकडे नाय, बॉलकडे बघ रे! पोरगी बघतेय तुझी! सोडू नको, बाळा! सोडू नको!"

एवढ्या लांब त्याला ते ऐकू गेलं असेल, असं मी म्हणणार नाही. पण त्याने झेप घेतली आणि चेंडू त्याच्या हाताला लागून बाहेर गेला.

मग काय झालं ते सांगता येत नाही. मागच्या जाड्या माणसाने मला मिठी मारली. रंगवलेली पोरं एकमेकांच्या अंगावर पडली. "अडवला! अडवला!" अशी बोंब उठली. त्या सगळ्या गदारोळात धुरीकाका खुर्चीवरून हळूच खाली उतरले, चिऊला छातीशी घेतलं आणि तिच्या हेडफोनवर गाल टेकवला.

"गेली," ते म्हणाले. "वहिनी, गेली माझी चिऊ."

आणि ते रडत होते. मला माझ्या दिवसभराच्या विचारांची लाज वाटली.

सामना संपल्यावर लोकेश घामाने निथळत कठड्याशी आला. काकांनी चिऊ त्याच्या हातात दिली. तिने त्याचा मोठा हातमोजा तोंडात घातला.

"बाबा, वो शिलाँगवाले मिले अभी," तो खाली बघत म्हणाला. "पण मी त्यांना हो नाही बोललो. तुम्ही इकडे अकेले..."

"हो सांग."

"बाबा, मग तुम्ही पण चला ना."

"मी कशाला? मला थंडी सोसत नाही," काका म्हणाले. "आणि सोसायटीचा सेक्रेटरी मोकळा सोडून मी कुठे येऊ? जा. हो सांगून ये. लोक मनं बदलतात."

परतताना चिऊ पुन्हा त्यांच्या हातावर झोपली. तळोजा गेलं तरी ते हलले नाहीत. हाताला मुंग्या आल्या असणार, अधूनमधून बोटांची उघडझाप करत होते. मी म्हटलं, "काका, सीटवर ठेवा तिला. मी हळू चालवते."

"राहू दे."

पुढचा सिग्नल आला. तेव्हा ते म्हणाले, "वहिनी, घरी जायला दुसरा कुठला रस्ता नाही का? जरा लांबचा?"