चाळीस पत्त्यांचं पक्कं बाइंडिंग

मी पुस्तकं बांधतो. नुसती बांधतो असं नाही, तर मी बांधलेलं पुस्तक तुम्ही गच्चीवरून खाली फेका, वरून हत्ती नाचवा, एक पान सुटेल तर शपथ! वकिलांच्या फायली, कॉलेजचे प्रबंध, वाचनालयातली चिंध्या झालेली मासिकं, सगळी माझ्याकडे रडत येतात आणि ताठ होऊन परत जातात. सुटा कागद दिसला की माझे हात शिवशिवायला लागतात. हा माझा गुण आहे, अशी परवाच्या शनिवारपर्यंत माझी समजूत होती.

तर झालं असं. चार महिन्यांपूर्वी माझं लग्न झालं. हसू नका, होतात या वयातही लग्नं! बायकोबरोबर तिची दहा वर्षांची मुलगी घरी आली. अंगानं बारीक आणि बोलणं टोचणारं, म्हणून बायको तिला टाचणी म्हणते.

"चार दिवसांत गट्टी जमवतो की नाही बघ!" मी बायकोला छातीठोकपणे सांगितलं होतं. "मुलांना आपण फार आवडतो."

चार दिवस गेले, चार महिने गेले. टाचणी मला काही म्हणजे काहीच म्हणेना. काका नाही, अहो नाही, शुक् शुक् सुद्धा नाही! मी समोर बसलेला असलो तरी सगळं आईमार्फत.

"आई, त्यांना सांग, त्यांच्या कोपराला सरस लागलाय."

"आई, त्यांना सांग, ते माझ्या पेन्सिलीवर बसलेत."

मी उठायचो, पेन्सिल द्यायचो, आणि "आई, त्यांना थँक्यू सांग" ऐकून परत बसायचो. मुलगी उद्धट नव्हती हो! नुसती लांब होती. तिचे बाबा ती पहिलीत असताना वारले. एक जपानी मालिका आहे, आकाशात राहणाऱ्या योद्ध्यांची. ती मालिका टाचणी बाबांच्या मांडीवर बसून बघायला लागली, असं बायकोनं मला सांगितलं होतं. त्यामुळे टीव्हीवर ती लागली की मी उठून आतल्या खोलीत जायचो. तिथे माझी जागा नव्हती, आणि उगाच घुसायला मला लाज वाटायची.

एकदाच म्हणालो, "तुझं कार्टून लागलं बघ."

"आई, त्यांना सांग, कार्टून नाही. ॲनिमे."

त्याच मालिकेवर पत्त्यांचा एक खेळ आहे. प्रत्येक पत्त्यावर एक योद्धा नाहीतर एक राक्षस, आणि खाली मुंगीएवढ्या अक्षरात त्याची ताकद. दर काही महिन्यांनी नवीन पत्त्यांचा संच निघतो, त्याला ही मंडळी एक्स्पान्शन म्हणतात. परवाच्या शुक्रवारी 'सातवं आकाश' नावाचं एक्स्पान्शन येणार होतं आणि शनिवारी दुपारी आमच्या भागातल्या खेळांच्या दुकानात त्याची स्पर्धा होती. टाचणीनं आठवडाभर आधी नाव नोंदवलं होतं. घरात दुसरा विषय नव्हता.

"नव्या पत्त्यांचा बॉक्स मी आणतो!" मी जाहीर केलं.

बायकोनं माझ्याकडे बघितलं. "नक्की? रांग असते म्हणे."

"अगं, परीक्षेच्या दिवसांत माझ्या दुकानासमोर केवढी रांग असते! मला रांगेचं काय सांगतेस?"

शुक्रवारी संध्याकाळी मी त्या दुकानासमोर रांगेत उभा राहिलो. सगळी पाठीवर दप्तरं लावलेली पोरं आणि मधोमध मी, टक्कल घेऊन. पुढच्या मुलीनं मागे वळून अदबीनं विचारलं, "काका, तुम्ही कुठल्या बाजूनं खेळता? अग्नी की वारा?"

"दोन्ही!" मी म्हटलं. माझ्याकडे आदरानं बघत तिनं मला एक चॉकलेट दिलं.

घरी येऊन बॉक्स टाचणीपुढे ठेवला. ती आतलं एकेक पाकीट फोडायला लागली. शेवटून दुसऱ्या पाकिटातून एक पत्ता निघाला आणि पोरगी किंचाळली! रुपेरी कोल्हीण! म्हणजे काय ते मला विचारू नका, पण पत्ता दिव्याखाली धरला की तिचं शेपूट चमकत होतं.

"हे बघा!" टाचणी म्हणाली.

मी मागे वळून पाहिलं. मागे कुणी नव्हतं. आई स्वयंपाकघरात होती. पोरगी माझ्याशी बोलली होती!

आणि मग ती थांबलीच नाही हो! जमिनीवर पत्ते पसरून तिनं मला सगळा खेळ समजावून सांगितला. कोण कुणाला हरवतं, कोण कुणाच्या मदतीला येतं, चाळीस पत्ते कसे निवडायचे. मी मान डोलावत होतो, "हो का!", "बापरे!", "मग?" म्हणत होतो. आता तुमच्यापासून काय लपवायचं? मला त्यातलं एक अक्षर कळलं नाही. मी ऐकतच नव्हतो. ती माझ्याशी बोलतेय, एवढंच मी ऐकत होतो.

एकच वाक्य तेवढं डोक्यात शिरलं, कारण ते माझ्या धंद्यातलं होतं. "पत्ता वाकलेला असेल किंवा कड दुमडली असेल, तर स्पर्धेत बाद करतात."

झोपायच्या आधी तिनं चाळीस पत्ते निवडले आणि त्यांना रबरबँड लावला. रबरबँड! माझ्या घरात! डॉक्टरच्या घरी कुणी जखमेला चिकटपट्टी लावावी तसं झालं मला. कडांना खाचा पडणार, पत्ते वाकणार, पोरगी बाद होणार! छे! बाइंडरच्या घरातली मुलगी चारचौघांत असं गबाळं जाणार?

सकाळी टाचणी पोहायच्या क्लासला गेली आणि मी पत्ते घेऊन दुकानात गेलो.

असं काम मी जन्मात केलं नव्हतं. डाव्या कडेला बारीक भोकं पाडली, मेण लावलेल्या दुहेरी दोऱ्यानं शिवलं, वर सरस, त्यावर कापड. पत्ते मुळात एकसारखे कापलेले नव्हते, कारखान्याचं काम ते! मी तिन्ही बाजू मशीनवर धरून साफ कापल्या. कोपरे उगाच गोल होते, तेही चौकोनी झाले. रुपेरी कोल्हीण पहिल्या पानावर, तिच्यावर पातळ पारदर्शक कागद. बाहेरून जाड पुठ्ठा, लाल कापड, आणि पाठीवर सोनेरी अक्षरात 'टाचणी'. आता वाकवा म्हणावं! कोण वाकवतो बघू!

टाचणी ओल्या केसांनी घरी आली. मी पुस्तक तिच्या हातात दिलं आणि हात मागे बांधून उभा राहिलो.

तिनं पाठीवरचं नाव वाचलं. थोडंसं हसली पण. मग तिनं विचारलं, "माझे पत्ते कुठेत?"

"आतच तर आहेत!"

तिनं पहिलं पान उघडलं. दुसरं उघडलं. मग भराभर शेवटपर्यंत गेली आणि परत पहिल्यावर आली.

"पिसायचे कसे?"

"पिसायचे?" मी म्हटलं. "हे पिसायचे असतात?"

तिनं पुस्तक टेबलावर ठेवलं, खोलीत गेली आणि दार हळूच लावून घेतलं. आपटलं असतं तर मला बरं वाटलं असतं.

बायको आली. "काय केलंस?"

"बांधलं."

तिनं पुस्तक उघडलं, मिटलं, पाठीवरून हात फिरवला. "काम सुबक झालंय," ती म्हणाली आणि तोंडावर हात दाबून बाल्कनीत पळाली. तिचे खांदे हलत होते. परत आली तेव्हा मात्र हसत नव्हती. "अरे, काल ती तुझ्याशी केवढं बोलली रे!"

तेच तर! पत्ते गेले त्याचं दुःख होतंच, पण खरं दुःख वेगळंच होतं. चार महिन्यांनी किलकिलं झालेलं दार मी स्वतःच्या हातानं शिवून, सरस लावून बंद केलं होतं.

मी चप्पल घातली आणि धावत खेळांच्या दुकानात गेलो. नवा बॉक्स? संपले, पुढच्या आठवड्यात या. एखादं पाकीट? तेही नाही. रांगेत भेटलेली ती मुलगी तिथेच होती. तिला विचारलं, "शिवलेले पत्ते उसवले तर चालतील का ग?" ती दोन पावलं मागे सरकली. मी चॉकलेट खाल्लं होतं, नाहीतर परतच मागितलं असतं तिनं.

घरी येऊन टाचणीच्या दारासमोर जमिनीवर बसलो.

"टाचणी, माझं चुकलं."

आतून आवाज आला, "आई, त्यांना सांग, मी कुठेही येणार नाहीये."

झालं! आलो मूळपदावर! मग मला राहवेना. मी म्हटलं, "काल तू एवढं समजावलंस, त्यातलं मी काही ऐकलं नाही. तू माझ्याशी बोलत होतीस ना, त्याचाच आनंद झाला होता मला. खेळाकडे लक्षच गेलं नाही. आता तू नाही बोललीस तरी चालेल, पण मुद्दाम नाही केलं ग मी."

मग दार उघडलं. डोळे लाल, पण नजर टोचणारी.

"एक तास बोलले मी! एक तास! आणि तुम्ही 'बापरे' कशाला म्हणत होता?"

"मधे मधे म्हणावं लागतं ना काहीतरी."

तिनं टेबलावरचं पुस्तक उचललं. "चला."

"कुठे?"

"स्पर्धेला. नाव दिलंय मी."

दुकानाची मालकीणच पंच होती. गळ्यात शिट्टी, हातात नियमांचं पुस्तक. तिनं आमचं लाल बाड दोन्ही बाजूंनी बघितलं. "हे काय आहे?"

"माझे पत्ते," टाचणी म्हणाली. "समोरच्यानं डोळे मिटून पानांमध्ये मोजपट्टी घालायची. जे पान उघडेल तो माझा पत्ता. म्हणजे पिसल्यासारखंच."

पंच बाईंनी नियमांचं पुस्तक पुढून मागे चाळलं. पत्ते सुटे असावेत असं कुणी लिहूनच ठेवलं नव्हतं! एवढं उघड कोण लिहितो? "एक डाव खेळून बघा," त्या म्हणाल्या.

समोर एक कॉलेजातला मुलगा होता. त्यानं डोळे मिटून पट्टी घातली, टाचणीनं पानात कागदाचा कपटा खुणेला ठेवला. असे पाच कपटे झाले. हातातले पत्ते लपवायचे असतात म्हणे. टाचणी पुस्तक छातीशी धरून एका डोळ्यानं आत बघत होती. मग तिनं चाल केली. "माझी रुपेरी कोल्हीण मैदानात!" आणि सगळं पुस्तक धप्पकन टेबलावर उघडं ठेवलं! कोल्हीण आली, तिच्यामागून उरलेले एकोणचाळीसही आले. कपटे उडाले. त्या मुलाचे पत्ते पुठ्ठ्याखाली चिरडले. त्याचा वाऱ्याचा राजा शेजारच्या टेबलावर जाऊन पडला, तिथे तो कुणीतरी चुकून खेळूनही टाकला!

पंच बाईंनी शिट्टी वाजवली. "बाळा, हे नाही चालायचं ग."

टाचणीनं मान खाली घातली. कॉलेजातला मुलगा पुस्तक हातात घेऊन हसायला लागला. "कुठल्या बावळटानं बांधलंय हे?"

अख्खं दुकान हसलं. मीही हसलो. काय करणार? बावळट कोण हे दुकानात दोघांनाच माहीत होतं, आणि त्यातला एक मी होतो.

टाचणी खुर्चीवर चढली.

"ओ! बावळट नाही म्हणायचं!"

सगळ्या माना तिच्याकडे वळल्या.

"त्यांना बावळट फक्त मी म्हणणार! आणि आई! बाकी कुणी नाही म्हणायचं! आणि कळतं का तुम्हाला त्यातलं काही? ओढा ते पान! ओढा ना! निघतंय का बघा!"

मुलानं बिचकत एक पान ओढलं. निघालं नाही. "जोरात!" टाचणी ओरडली. त्यानं पाय टेकून ओढलं. पंच बाईंनीही ओढून पाहिलं. कोल्हिणीचं शेपूटसुद्धा हललं नाही.

"सॉरी," तो मुलगा म्हणाला. मला नाही, तिला.

मला काय झालं ते सांगता येत नाही. लोकांनी मला आजवर उत्तम कारागीर म्हटलं, एका प्राध्यापकांनी तर कलावंत म्हटलं. पण त्या दिवशी भर दुकानात बावळट म्हणवून घेताना जो मान मिळाला तो कशात नाही मिळाला. डोळे भरून आले आणि मी उगाच भिंतीवरची किमतींची पाटी वाचत उभा राहिलो.

बाहेर पडलो. टाचणीनं पुस्तक काखेत मारलं होतं.

"पुढच्या आठवड्यात नवा बॉक्स आणू," मी म्हटलं.

"आणू. पण तुम्ही हात लावायचा नाही."

"नाही लावणार."

"आणि या वेळी मी सांगेन ते ऐकायचं. मी विचारणार मधे मधे."

"विचार."

मोठ्या रस्त्याशी आलो. गाड्या सुसाट जात होत्या. टाचणीनं माझ्याकडे खालपासून वरपर्यंत बघितलं, मोठा सुस्कारा सोडला आणि माझा हात घट्ट धरला.

"माझ्याबरोबर चला. तुमचा काही भरवसा नाही. मी म्हणेन तेव्हाच पाय टाकायचा."

मी मुकाट्यानं मान हलवली. आता तो रस्ता मी वर्षानुवर्षं एकटा ओलांडतो आहे, माझं दुकानच पलीकडच्या बाजूला आहे. पण हे तिला सांगायची काही गरज आहे का? तुम्हीही सांगू नका!