एक घाबरलेला माणूस पाहिजे

इतिहास सुहासच्या घरात चालतो आणि त्यासाठी कुकर आमचा बंद होतो.

सुहास आमचा शेजारी. डॉक्युमेंट्री बनवतो. शूटिंगच्या आधी हा गृहस्थ डोंबिवलीतल्या आमच्या इमारतीतली एकूण एक बेल वाजवतो आणि बजावतो, "मिक्सर, कुकर, टीव्ही बंद. इतिहास चालू आहे." परवा बायकोने त्याला दारातच अडवलं. "तुमच्या इतिहासाला सांगा, वरणाच्या दोन शिट्ट्या राहिल्यात!" बिचारा दोन्ही शिट्ट्या होईपर्यंत उभा राहिला.

पंचवीस वर्षं तो लोकांच्या आठवणी जमवतोय. कळव्याचे मिठागर कामगार, बंद कारखान्यांचे पुढारी, चार पक्ष फिरून आलेले एक नगरसेवक (चारही वेळा तत्त्वासाठी!). त्याच्या फिल्म परदेशात गाजतात. कल्याणच्या हॉलमध्ये मात्र प्रेक्षक म्हणजे मी, माझी बायको आणि एसीत डुलकी काढायला आलेले एक आजोबा.

सध्याची फिल्म आणीबाणीवर. म्हातारा माणूस दिसला की सुहास विचारणार, "आणीबाणीत कुठे होतात?" बारसं असो की तेरावं. आणि काय सांगू, सगळे तुरुंगात होते! टिटवाळ्याच्या एका काकांनी तर नवा कुर्ता घालून स्वतःची अटक दोनदा करून दाखवली. पहिल्या वेळी म्हणे चष्मा तिरका होता.

"अरे, सगळेच आत होते तर बाहेर दूध कोण घालत होतं?" मी विचारलं.

सुहास हसला नाही. "तेच तर! मला एक घाबरलेला माणूस पाहिजे रे. एकच. नाहीतर ही फिल्म म्हणजे निव्वळ थाप. बंद करून टाकतो."

चार वर्षांचं काम होतं ते.

गेल्या रविवारी मुलाखत द्यायला खडवलीचे पाहुणे आलेच नाहीत. दिवे लागलेले, मी माइकचा दांडा धरून उभा, खुर्ची रिकामी. आतल्या खोलीतून सुहासचे वडील आले आणि सरळ खुर्चीत बसले.

"अण्णा, तिथे पाहुणे बसणारेत."

"चालू कर."

सगळ्या जिल्ह्याला विचारून झालेलं, पण वडिलांना त्याने कधी विचारलं नव्हतं. सुहासने कॅमेरा चालू केला.

"वसंता माझा मित्र. पोलीस मागावर होते त्याच्या. भर दुपारी दार वाजवलं. म्हणाला, एक दिवस राहू दे. मी उघडलं नाही. आतून कडी धरून उभा राहिलो."

"मग?" सुहासने विचारलं.

"मग काय? जिन्यातच धरला त्याला. तुझ्या वेळचा सातवा महिना होता तुझ्या आईला. पण ती उघडा म्हणत होती हो. मीच घाबरलेलो."

सुहासला हवा होता तो माणूस मिळाला. तो कॅमेऱ्यामागून उठला. मला वाटलं, बंद करतोय. पण तो पुढे गेला आणि खुर्चीपाशी जमिनीवर बसला. अण्णांची उजवी मूठ कडी धरल्यासारखी आवळलेली होती. सुहास तिचं एकेक बोट सोडवत राहिला.