चेंडू घेण्यापूर्वी घ्यावयाची परवानगी

कचेरीच्या व्हॉलीबॉल संघात शिस्त नाही, ही गंभीर बाब प्रशिक्षकांच्या निदर्शनास आली तेव्हा संघ जिंकत होता. प्रशिक्षक मूळचे आवक-जावक कारकून. तरुणपणी चार वर्षं ते राखीव खेळाडू होते आणि बाकावर ताठ बसण्यात त्यांचा हात धरणारा कोणी नव्हता. गळ्यात शिट्टी आल्यापासून लोक त्यांना साहेब म्हणू लागले, आणि त्याची आपल्याला चटक लागलीय हे ते आरशासमोर कबूलही करत.

निमित्त झालं एका धडकेचं. एकाच चेंडूवर दोघे धावले आणि टंकलेखकाचा दात हलला. साहेबांनी नियम केला : ‘माझा’ असं ओरडल्याशिवाय चेंडूला हात लावू नये. दुसऱ्या दिवशी तिघे एकदम ओरडले. मग ओरडण्यापूर्वी कर्णधाराची संमती आली. कर्णधार संमती फारच सढळ हाताने देतो असं दिसल्यावर, ती साहेबांच्या मंजुरीस अधीन राहील असं परिपत्रक निघालं. सरावात आता फक्त परवानगीसाठी हात वर करणं चाले. चेंडू पिशवीत असे.

“अहो, चेंडू कधी काढणार?” बायकोने विचारलं. शाळेत ती संघाची कर्णधार होती.

“पाया पक्का झाला की.”

“रविवारी हरलात तर शिट्टी काढून घेणार म्हणे.”

साहेबांनी गळ्यातली शिट्टी मुठीत धरली. शिट्टी गेली की आपण पुन्हा नुसते आवक-जावक, हे त्यांना पुरतं ठाऊक होतं.

रविवारी समोरून पहिलीच सर्व्हिस आली, उंच, संथ, अगदी मधोमध. सहा हात वर गेले. पाच चेहरे कर्णधाराकडे वळले, कर्णधार साहेबांकडे. साहेबांनी शिट्टी तोंडात धरली आणि सवयीने प्रेक्षकांत बसलेल्या कार्यालयप्रमुखांकडे पाहिलं. प्रमुख चहा पीत होते.

चेंडू पडला. त्या डावात तो पंचवीस वेळा पडला, आणि पुढच्या दोन्ही डावांत तितक्याच वेळा.

चौकशी समितीला एकही नियमभंग आढळला नाही. शिस्तीबद्दल समाधान व्यक्त करून तिने शिट्टी साहेबांकडेच ठेवली.

“प्रत्येक वेळी वाटत होतं गं, ओरडावं,” घरी साहेब म्हणाले. त्यांना खरोखरच लाज वाटत होती.

“मग ओरडायचं होतं!”

“कोणाला विचारून?”

आता तुम्ही म्हणाल, प्रेक्षकांतून तरी कुणी ओरडायला हवं होतं. साहेबांचंही तेच म्हणणं आहे. खुर्च्या तर सगळ्या भरलेल्या होत्या; तुमची कितवी होती?