नऊ ट्रॉल्यांची कविता

लासुर्ण्यात उसाच्या ट्रॉल्या रंगवणारे शब्बीरमामा तांबोळी ट्रॉलीमागच्या फळीवर सांगाल ते लिहीत नाहीत. एकच शब्द लिहितात, तोही स्वतःच्या मनाचा. ट्रॉलीवाल्या सोमनाथने 'आईचा आशीर्वाद' सांगितलं होतं. त्याला 'तरी' मिळालं.

"मामा, तरी म्हंजे? तरी काय?"

"तुझ्याफुडं जी ट्रॉली लागंल तिला इचार," म्हणत मामांनी ब्रश रॉकेलात बुडवला.

हे खूळ त्यांच्या डोक्यात एका पोर्तुगीज कवीने घातलं. ब्रश पुसायला मामांनी बारामतीहून रद्दी आणली, तिच्यात त्याच्या कवितांचं इंग्रजी पुस्तक निघालं. पानभर शब्द विखुरलेले, कुठूनही वाचा. "ह्यो बी पेंटरच हाय," मामा म्हणाले. डिक्शनरी घेऊन त्यांनी अख्खं पुस्तक वाचून काढलं, मागच्या पत्त्यावर पत्र टाकलं, आणि खरंच लिस्बनहून उत्तर आलं.

तेव्हापासून कवीचं चरित्र मामांना तोंडपाठ आहे. त्याने जन्मभर टपालखात्यात पत्रं निवडली. पुस्तकं काढली ती सुट्या पानांची, वाचणाऱ्याने हवी तशी लावावीत. तिकडे हुकूमशाही होती तेव्हा तपासनिसांना याची कविता कुठून सुरू होते तेच कळेना, म्हणून ती बंदीतून सुटली. बायको गेल्यावर त्याने नऊ शब्दांची एक कविता केली आणि लिहिणं सोडलं.

आमच्या मामींना जाऊन चार वर्षं झाली. मुलगा दुबईत. मामांनी तीच कविता मराठीत आणली आणि नऊ ट्रॉल्यांवर वाटून टाकली: दार, उघडं, आहे, तरी, कोणी, येत, नाही, चहा, गार. कारखान्यापुढे ट्रॉल्या नंबराला लागतील तशी कविता व्हायची. 'नाही'वाल्याकडे सोयरिकीला आलेले पाहुणे म्हणे ट्रॉली बघूनच परत गेले. मला ते खरं वाटत नाही, पण तो मामांशी अजून बोलत नाही.

कवी अंथरुणाला खिळलाय, मामा म्हणाले. नऊच्या नऊ ट्रॉल्या एका रांगेत लागल्याचा फोटो तो आहे तोवर त्याला पोचला पाहिजे, म्हणून मामांनी मला धरलं. मी इथल्या शाळेत मास्तर, माझा मोबाईल बरा. दिवाळीनंतर रोज सकाळी शाळेआधी आम्ही दोघं कारखान्याच्या रस्त्याला, धुरळा खात. कधी पाच ट्रॉल्या, कधी सात. 'गार' तर महिनाभर पंक्चर होती. वाट बघताना मामा बोलत राहायचे. मामींचं, दुबईचं, पोर्तुगालचं. मी ऐकायचो थोडं, घड्याळ बघायचो जास्त.

हंगाम संपत आला आणि एका सकाळी नऊही लागल्या. 'चहा येत नाही कोणी गार दार उघडं आहे तरी.' मामांना ती मूळच्यापेक्षा बरी वाटली. मी रांगेच्या कडेने पळत फोटो काढले.

"आजच बारामतीत छापून पोष्टात टाकतो, मामा. पत्ता द्या."

मामांनी खिशातून एक कार्ड काढून माझ्या हातात ठेवलं. प्रकाशकाने पाठवलेलं. कवी दिवाळीआधीच गेला होता.

"मग आपण हितं रोज कशाला येत होतो?"

मामा ट्रॉल्यांकडे बघत होते.

"सांगितलं असतं तर तुमी यायचं बंद केलं असतं, मास्तर."

मी चिडून काहीतरी बोलणार होतो. पण ते खरं होतं. मी आलो नसतो.